माहितीपटात अॅनिमेशन वापरताना या चुका टाळा

मुलाखतीचे संकलन पक्के होण्याआधीच चित्रे काढायला घेणे, ही स्वतंत्र दिग्दर्शकांना सर्वांत महाग पडणारी चूक आहे. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या आणि प्रत्येक चित्र दोन फ्रेम टिकवले, तरी सेकंदाला १२ चित्रे लागतात. एका तरुण दिग्दर्शिकेने, निधी देणाऱ्यांना लवकर काहीतरी देखणे दाखवता यावे म्हणून, कच्च्या संकलनावरच काम सुरू केले. पुढे मुलाखत देणाऱ्या बाईंनी भावाविषयीचा भाग वगळण्याची विनंती केली आणि ती मान्य करणेच योग्य होते. चाळीस सेकंद गेले, म्हणजे ४८० चित्रे गेली. शिवाय ज्या हुंदक्यावर पात्राचा हात थबकत होता तो हुंदकाच ध्वनिपट्टीवरून गेल्यामुळे उरलेल्या प्रसंगात तो हात उगाचच अधांतरी राहिला. सगळा प्रसंग नव्याने काढावा लागला आणि शिल्लक पैसे त्यातच संपले.

मी आधी पेन्सिलीच्या साध्या रेखाटनांचे अॅनिमॅटिक, म्हणजे चित्रपटाचा कच्चा चलत् आराखडा, अंतिम आवाजावर बसवतो, ते मुलाखत देणाऱ्या व्यक्तीला दाखवतो, लेखी संमती घेतो आणि मगच पक्की चित्रे सुरू करतो. नवख्यांना हे वेळखाऊ वाटते. पण ज्यांच्या आयुष्यावर आपण चित्रपट करतो त्यांच्यासाठी इतका वेळ काढता येत नसेल, तर माहितीपटाच्या वाटेला जाऊच नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

चित्रीकरणातला आळस झाकण्यासाठीही अॅनिमेशन वापरू नये. अमेरिकन व्यंगचित्रकार विन्सर मॅके यांनी १९१८ साली ‘द सिंकिंग ऑफ द लुसिटानिया’ हा अॅनिमेशनपट रेखाटला, कारण १९१५ मध्ये ते जहाज बुडतानाचे चित्रीकरण अस्तित्वातच नव्हते. जिथे कॅमेरा पोहोचू शकला असता पण आपण गेलो नाही, ती जागा चित्रांनी भरली की प्रेक्षकाला ते जाणवते.

अॅनिमेशनखेरीज इतर कामांतही काही चुका टाळाव्यात. मुलाखत संपल्यावर त्याच खोलीतली अर्ध्या मिनिटाची शांतता रेकॉर्ड करावी. तुकड्यांच्या मध्ये भरायला ती नसेल तर संकलनातला प्रत्येक सांधा ऐकू येतो. मूळ फुटेज एकाच हार्ड डिस्कवर ठेवू नये. ज्या महोत्सवांना प्रीमियर, म्हणजे चित्रपटाचे पहिले प्रदर्शन, आपल्याकडेच हवा असतो, त्यांची नियमावली वाचल्याशिवाय चित्रपट इंटरनेटवर सर्वांसाठी खुला करू नये. संगीताचा किंवा जुन्या फुटेजचा परवाना घेताना तो केवळ महोत्सवांपुरता आहे की दूरचित्रवाणी आणि ओटीटीसाठीही चालतो, हे सही करण्यापूर्वीच पाहावे, कारण विक्रीची बोलणी सुरू झाल्यावर हक्कदार सहसा जास्त रक्कम मागतात.