लहानपणीची भीती मोठ्यांच्या फँटसीत कशी आणायची

आधी एकच भीती निवडा, आणि तीही स्वतःचीच. मला आजीने सांगितलेलं की तिन्हीसांजेला पिंपळाखालून जायचं नाही, मुंजा धरतो, म्हणजे मुंज होऊन लग्नाआधीच गेलेल्या पोराचं भूत. आता हे जसंच्या तसं लिहिलं तर मोठा वाचक जांभई देणार. म्हणून आधी त्या दिवसाच्या बारीकसारीक गोष्टी लिहून काढा, भूत नंतर. कंदिलाच्या काचेवरची काजळी, ओल्या चपलेचा आवाज, घरात कोण कोणाशी बोलत नव्हतं वगैरे. त्या शेवटच्यातच खरा माल असतो, कारण पोराला भांडण दिसतं पण कळत नाही, मग ते सगळं मुंज्यावर ढकलतं.

जादूला हाताला लागेल अशी एखादी वस्तू द्या. वेंगुर्ल्याजवळ आरवलीच्या वेतोबाला लोक मोठाल्या चामडी चपला वाहतात, देव रात्री राखण करत फिरतो आणि त्या झिजतात असं मानतात. झिजलेला तळ दाखवला की बस, देव दाखवायची गरजच नाही (वेतोबा घेतलात तर आदराने घ्या हां, ते ग्रामदैवत आहे, व्हिलन नाही).

निवेदक चाळिशीचा चालेल, पण भीतीच्या सीनमध्ये त्याला काही समजावून सांगू देऊ नका, तिथे वाक्यं सात वर्षांच्या पोराचीच. आणि शेवटी त्याने आईला विचारावं, तर ती म्हणते, अरे तिथे पिंपळ कुठे होता, उंबर होता. तिथेच पेन खाली ठेवा.