जेफ्री पार्कर वाचायला घेताय? आधी तारखा जुळवा

स्पेनचा राजा फिलिप दुसरा, त्याने इंग्लंडवर धाडलेलं आरमार म्हणजे आर्माडा, त्याच्याविरुद्धचं नेदरलँड्सचं बंड, तीस वर्षांचं युद्ध, यांपैकी कशावर तरी प्रबंध लिहायचा ठरवून जे इतिहासकार जेफ्री पार्करच्या पुस्तकांपाशी येतात, त्यांच्यासाठी हे लिहितेय. पार्कर कोण आणि 'लष्करी क्रांती'चा (लढण्याच्या नव्या पद्धतींनी सैन्यं आणि राज्यं बदलली, या सिद्धान्ताचा) वाद काय, एवढं तुम्हाला ठाऊक आहे असं धरून चालते.

बहुतेक जण 'द मिलिटरी रेव्होल्यूशन' (1988) पासून सुरुवात करतात. करू नका. मायकल रॉबर्ट्सने 1955 मध्ये बेलफास्टच्या व्याख्यानात मांडलेला सिद्धान्त, पार्करने त्यात केलेली दुरुस्ती, बुरुजांचे नवे किल्ले, लांबलेले वेढे, फुगत गेलेली सैन्यं, हे सगळं आपल्याकडे नोट्समधून चार मुद्द्यांत मिळतं, आणि ते चार मुद्दे पाठ झाले की पार्कर कळला असं वाटतं. या नोट्सबद्दल माझं मत वाईट आहे आणि ते बदलणार नाही. त्यांतून निष्कर्ष मिळतो, पण तो कशावर उभा आहे ते कधीच दिसत नाही.

सुरुवात 1972 च्या 'द आर्मी ऑफ फ्लँडर्स अँड द स्पॅनिश रोड'पासून करा. केंब्रिजला जॉन एलियट यांच्या हाताखाली शिकलेल्या तरुण पार्करचं हे काम. 1567 मध्ये फिलिपचा सेनापती आल्बाचा ड्यूक नेदरलँड्स ताब्यात ठेवायला दहाएक हजार सैनिक घेऊन इटलीतून आल्प्स ओलांडून ब्रसेल्सला गेला. त्या वाटेवर, म्हणजे 'स्पॅनिश रोड'वर, भाकरी कोणी पुरवायची, मुक्काम कुठे पडायचा, पैसे कोणी द्यायचे, हे सगळं इथे कागदांनिशी येतं. पगार थकले की शिपाई बंड करायचे. 1575 मध्ये राजाने कर्जफेड थांबवली आणि पुढच्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये त्याच्याच सैन्याने अँटवर्प लुटलं. हे वाचल्यावर 1988 चं पुस्तक हातात घ्या, बुरुजांपासून दिवाळखोरीपर्यंतची साखळी आपोआप दिसते.

आता तारखांचा सापळा. माझं एक अख्खं प्रकरण याने मोडलं, म्हणून इथे थोडी जास्त थांबणार आहे.

ऑक्टोबर 1582 मध्ये पोप तेराव्या ग्रेगरीच्या आज्ञेने स्पेन आणि पोर्तुगालमध्ये 4 तारखेच्या दुसऱ्या दिवशी 15 तारीख आली. इंग्लंडने हे 1752 पर्यंत स्वीकारलं नाही. हे शाळेतही सांगतात, पण कागद समोर आल्यावर नेमकं तेच डोक्यातून जातं. 29 जुलै 1588 हा दिवस घ्या. नव्या तारखेने त्या दिवशी आर्माडाला इंग्लंडचं लिझर्ड टोक दिसतं, अजून एक तोफही डागलेली नाही. इंग्रज कप्तानांच्या पत्रांत त्याच 29 जुलैला ग्रेव्हलाइन्सची लढाई झालेली असते, आर्माडावर पेटती जहाजं आदल्या रात्रीच सोडून झालेली असतात. दोन्ही कागद खरे आहेत, मध्ये दहा दिवसांचं अंतर आहे. स्पॅनिश हिशेबाने ती लढाई 8 ऑगस्टची.

वर्ष बदलण्याचाही घोळ आहे. इंग्लंडचं कायदेशीर वर्ष 25 मार्चला सुरू व्हायचं. स्कॉटलंडची राणी मेरी स्टुअर्ट हिचा शिरच्छेद इंग्रजी कागदांत 8 फेब्रुवारी 1586 ला पडतो, स्पॅनिश हिशेबाने 18 फेब्रुवारी 1587 ला. घटना तीच. नेदरलँड्समध्ये तर हॉलंड आणि झीलंडने नवी तारीख लगेच घेतली, उट्रेख्त आणि फ्रीझलंड 1700 च्या आसपासपर्यंत जुनीवरच राहिले. एकाच बंडाच्या आत दोन कॅलेंडरं! तीस वर्षांच्या युद्धातल्या ल्युत्सेनच्या लढाईत स्वीडनचा राजा गुस्ताव्ह अडोल्फ पडला ती तारीख 1632 च्या नोव्हेंबरची 6 की 16, याचं उत्तर कागद कुणाचा आहे यावर ठरतं.

पार्करच्या बाबतीत हे जास्तच नडतं, कारण 'द ग्रँड स्ट्रॅटेजी ऑफ फिलिप द सेकंड' (1998) मधला त्याचा युक्तिवाद बराचसा वेळेवरच चालतो. कुणाला काय, कधी कळलं? आर्माडाचा सेनापती मदिना सिदोनिया याचे निरोप नेदरलँड्समधला फिलिपचा सेनापती पार्मा याला इतक्या उशिरा पोचले, की 6 ऑगस्टला आर्माडा कॅलेसमोर नांगर टाकून उभा राहिला तरी इंग्लंडला न्यायचं पार्माचं सैन्य नावांत चढलेलं नव्हतं. इथे दहा दिवस इकडेतिकडे झाले तर पत्र पोचण्याआधीच त्याचं उत्तर निघालेलं दिसेल आणि तुम्ही त्यावर सुंदर, पूर्ण चुकीचा निष्कर्ष लिहाल. गाइडच्या नजरेत ते येईलच असं नाही. वाचकाच्या येईल.

म्हणून पहिल्या दिवसापासून तक्ता करा. प्रत्येक पत्रासाठी मूळ तारीख जशीच्या तशी, मग नव्या कॅलेंडरातली तारीख, मग पत्र पोचल्याची तारीख (स्पॅनिश कागदांच्या पाठीवर कारकुनाची नोंद पुष्कळदा सापडते). पत्रात वार दिला असेल तर ताडून पाहा. मूळ तारीख कधीही खोडू नका. पुस्तकाच्या सुरुवातीला तारखांबद्दल टीप असेल तर ती आधी वाचा.

ही सवय आपल्या इतिहासातही लगेच कामी येते. शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाला हजर असलेल्या इंग्रज वकील हेन्री ऑक्झिंडेनच्या लेखी तो दिवस 6 जून 1674. गोव्याच्या पोर्तुगीजांच्या हिशेबाने तोच दिवस 16 जून. 1739 च्या वसईच्या वेढ्याकडे याल तेव्हा मुंबईकर इंग्रज आणि वसईकर पोर्तुगीज यांच्यात अकरा दिवसांचा फरक असेल आणि मराठी कागदांतल्या तिथी वेगळ्याच. आणि वसईला याच! पार्करच्या मांडणीत बुरुजांच्या किल्ल्यांवर युरोपियनांचा परदेशातला जम टिकून आहे आणि चिमाजी अप्पांच्या फौजेने तसाच किल्ला सुरुंग लावून घेतला. पार्करला ताडून पाहायला आपल्या दाराशी याहून चांगलं उदाहरण नाही.

भाषेला घाबरू नका. फिलिपचं अक्षर भयंकर आहे, समासात तो खरडत राहतो, आणि भल्याभल्यांना ते लागत नाही. पण पहिल्या वर्षी तुम्हाला त्याची गरजही नाही. स्पेनमधल्या सिमांकास अभिलेखागारातल्या कागदांचे इंग्रजी सारांश ब्रिटिश हिस्टरी ऑनलाइनवर फुकट आहेत, स्पॅनिश अभिलेखागारांचं पारेस पोर्टलही आहे. सारांश म्हणजे मूळ कागद नव्हे, एवढं मात्र लक्षात असू द्या. पोर्तुगीज शिकायची तयारी असेल तर पणजीच्या पुराभिलेखात बसा. 1581 पासून 1640 पर्यंत गोव्यावर हेच स्पेनचे राजे होते आणि लिस्बनहून आलेली कित्येक राजपत्रं तिथल्या मोन्सून बुक्समध्ये बांधलेली आहेत.

चरित्रांपैकी 1978 चं फिलिपचं चरित्र ग्रंथालयात सहज मिळतं म्हणून त्यावर थांबू नका. न्यूयॉर्कच्या हिस्पॅनिक सोसायटीत आधी न पाहिलेले कागद हाती लागल्यावर पार्करने तोच राजा पुन्हा लिहिला, 'इम्प्रुडंट किंग' (2014). सत्तरीच्या उंबरठ्यावर आपलंच जुनं पुस्तक बाजूला ठेवणाऱ्या या माणसाबद्दल मला फार आदर आहे. दोन्ही शेजारी ठेवून आर्माडाची प्रकरणं वाचा आणि नव्यात कुठलं पत्र जास्तीचं आलंय ते तळटिपांत शोधा. तुमच्या तक्त्यातली पहिली ओळ तिथूनच भरा.