बारशाआधी नावाचा अर्थ कसा पडताळावा

नावांच्या याद्या बहुधा एकमेकींवरून उतरवलेल्या असतात. त्यामुळे एकच अर्थ दहा ठिकाणी दिसला, म्हणून तो खरा ठरत नाही. खरा पुरावा म्हणजे तो शब्द कोशात आणि जुन्या ग्रंथांत कोणत्या अर्थानं आला आहे.

आधी नाव देवनागरीत लिहा, ऱ्हस्व-दीर्घासकट. निम्मा गोंधळ रोमन अक्षरांमुळे होतो. त्यांत 'सीता' आणि 'सिता' सारखेच दिसतात. पण सीता म्हणजे नांगरानं जमिनीत पडलेली रेघ आणि सिता म्हणजे पांढरी. 'आरव'चा अर्थ बऱ्याच याद्या 'शांत' असा देतात. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरोळी. तो 'रु' (आवाज करणे) या धातूपासून आला आहे. शांत असतो तो नीरव.

मग कोश उघडा. वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश आणि मोनियर-विल्यम्सचा 1899 चा कोश, हे दोन्ही कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर मोफत शोधता येतात. मराठी शब्दासाठी मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश आणि दाते-कर्वे यांचा 'महाराष्ट्र शब्दकोश' हे शिकागो विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई कोशांच्या संकेतस्थळावर आहेत. नोंदीतला पहिलाच अर्थ उचलू नका, सगळी नोंद वाचा. मोनियर-विल्यम्समध्ये अर्थापुढे 'एल.' या रोमन अक्षराची खूण असेल, तर तो अर्थ फक्त जुन्या कोशकारांनी दिलेला आहे, ग्रंथातल्या वापरातून आलेला नाही. असा अर्थ जरा जपूनच घ्यावा.

सगळ्यात जास्त काळजी 'अ'नं सुरू होणाऱ्या नावांची घ्या, कारण हा 'अ' पुष्कळदा नकार असतो. 'अवीरा' हे नाव 'शूर' म्हणून सुचवलं जातं. संस्कृतात अवीरा म्हणजे जिला पती नाही, पुत्रही नाही अशी स्त्री. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात (10.86.9) इंद्राणी वृषाकपीबद्दल तक्रार करते, की हा मला अवीरा समजतो, मी तर वीरिणी (वीर पुत्रांची आई) आहे. 'अनय'चंही तसंच: नय म्हणजे नीती, अनय म्हणजे अनीती, अन्याय. आईवडिलांना हवा असतो त्याच्या नेमका उलटा अर्थ पदरात पडतो, म्हणून ही तपासणी टाळू नये.

जोडनाव असेल तर फोड करून बघा. शिव + अंश = शिवांश, हे सरळ. 'रेयांश'ची फोड केली की 'रेय' उरतो, आणि 'सूर्यकिरणाचा अंश' हा अर्थ इंग्रजी 'रे'वर उभा आहे हे लक्षात येतं. नाव गोड वाटलं तर खुशाल ठेवा, फक्त ते प्राचीन संस्कृत आहे असं सांगू नका.

'विष्णूचं नाव' असं लिहिलेलं असेल तर विष्णुसहस्रनामात शोधा. ते महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे. पौराणिक व्यक्तीचं नाव असेल तर सिद्धेश्वरशास्त्री चित्राव यांचा 'प्राचीन चरित्रकोश' बघा.

संस्कृत कोशात सापडलं नाही, एवढ्यावरून नाव खोटं ठरवू नये. 'विहान' म्हणजे पहाट, हे बरोबर आहे: हिंदीत बिहान, प्राकृतात विहाण. अशा शब्दांचं मूळ टर्नरच्या हिंद-आर्य भाषांच्या तौलनिक कोशात मिळतं. 'कियान' फारसी आहे, इराणच्या कयानी राजांशी जोडलेलं. 'मायरा' हे फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीनं घडवलेलं मानलं जातं, त्यामुळे त्याचा 'संस्कृतात लाडकी' हा अर्थ सोडून द्या.

घाई करायचं कारण नाही. जन्माची नोंद 21 दिवसांत करावी लागते, पण नाव नोंदणीपासून 12 महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं. अर्थ नक्की होईपर्यंत तो रकाना रिकामा ठेवा, आणि दाखला हातात आला की त्यावरचं देवनागरी नाव वेलांटी-उकारासकट तिथेच वाचून घ्या.