काळ उलटा चालणारे वाळवंट रचताना: नवोदित विज्ञानकथाकारांसाठी

काळाचा नियम मोडणारे वाळवंट रचायचे असेल, तर मोडलेला नियम एकच असावा आणि बाकीचे वाळवंट भूगोलाच्या पुस्तकाइतके काटेकोर असावे, असे माझे अनुभवांती मत झाले आहे. घड्याळे उलटी फिरतात, सूर्य दोनदा मावळतो, माणसे एका रात्रीत म्हातारी होतात, हे सारे एकाच कथेत आले की वाचकाला कशाचेच नवल वाटेनासे होते. जिथे काहीही घडू शकते तिथे पुढे काय होईल याची उत्कंठा कशी राहणार?

माझ्या काही कथा 'मागवेळ' नावाच्या कल्पित वाळवंटात घडतात. तिथला मोडलेला नियम एवढाच आहे की खूण आधी उमटते आणि ती उमटवणारा नंतर येतो. वारा मात्र खऱ्या वाळवंटातल्यासारखाच खुणा पुसतो, त्यामुळे पुढे येणाऱ्याची पावले दोन वादळांच्या मधल्या काळातच वाचता येतात. टेकडीच्या वाऱ्याआडच्या उतारावर वाळू सुमारे 34 अंशांच्या कोनात जेमतेम तोललेली असते आणि पाय पडताच घसरते. तिथे खूण टिकत नाही, म्हणून मागवेळमधला पळपुटा नेहमी त्याच बाजूने जातो. चंद्रकोरीच्या आकाराच्या बारखण टेकड्यांमध्ये लहान टेकडी मोठीपेक्षा वेगाने सरकते, ही गोष्ट कळली आणि वाटाड्यांची एक अख्खी कथा हाती आली.

म्हणून कल्पनेला हात घालण्यापूर्वी खरी वाळवंटे अभ्यासावीत. कॅलिफोर्नियातील डेथ व्हॅलीत रेसट्रॅक प्लाया नावाचे कोरडे तळे आहे. त्याच्या सपाट तळावर दगडांमागे लांबच लांब ओरखडे दिसत होते, पण दगड सरकताना कित्येक दशके कोणालाही दिसला नव्हता. डिसेंबर 2013 मध्ये संशोधकांनी ते प्रत्यक्ष पाहिले आणि 2014 मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले: उथळ पाण्यावर रात्री जमलेला काही मिलिमीटर जाडीचा बर्फ सकाळच्या उन्हात तडकतो, हलक्या वाऱ्याने त्याचे तुकडे तरंगत पुढे जातात आणि मिनिटाला काही मीटर इतक्या संथ गतीने दगडांना ढकलतात. परिणाम सर्वांसमोर आणि कारण दृष्टीआड, हीच तर आपल्याला हवी असलेली परिस्थिती आहे, आणि ती निसर्गाने एकही नियम न मोडता निर्माण केली आहे.

दुसरा उपयोगी विषय म्हणजे वाळूचे वय मोजण्याची ल्युमिनेसन्स पद्धत, जी अहमदाबादच्या फिजिकल रिसर्च लॅबोरेटरीतील संशोधकांनी थर वाळवंटातील वाळूसाठीही वापरली आहे. गाडल्या गेलेल्या क्वार्ट्झच्या कणात आसपासच्या नैसर्गिक किरणोत्सारामुळे इलेक्ट्रॉन अडकत जातात आणि सूर्यप्रकाश पडताच ते मोकळे होतात. त्यामुळे कणाने शेवटचे ऊन केव्हा पाहिले हे काढता येते. नमुना अपारदर्शक नळीतून आणून मंद लाल प्रकाशात उघडावा लागतो. माझ्या एका कथेतील संशोधिका पिढ्यान्‌पिढ्या वापरात असलेल्या विहिरीच्या पायाखालची वाळू तपासते आणि तिचे वय शून्य निघते, कारण विहीर खणणारा अजून आलेलाच नसतो. प्रयोगशाळेची ही रीत ठाऊक नसती, तर तो प्रसंग निव्वळ चमत्कार झाला असता.

भौतिकशास्त्राचा आधार घेताना मात्र प्रमाणाचे भान ठेवावे. उंचावर घड्याळ किंचित जलद चालते हे खरे, पण शंभर मीटर उंच टेकडीच्या माथ्यावर वर्षभरात पडणारा फरक सेकंदाच्या दशलक्षांश भागाच्या एकतृतीयांशाएवढाच असतो. त्यावर नायकाचे तारुण्य टिकवू नये. तर्कशास्त्रज्ञ कर्ट गोडेल यांनी 1949 मध्ये आइन्स्टाइन यांच्या गुरुत्वाकर्षणाच्या समीकरणांची अशी उकल मांडली की तिच्यात फिरत्या विश्वातील काही मार्ग स्वतःच्याच भूतकाळाला येऊन मिळतात. पुढे भौतिकशास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह यांनी असे मांडले की अशा मार्गांवर परस्परांशी सुसंगत घटनाच घडू शकतात. हे तत्त्व जसेच्या तसे घेतले तर कथा बिनचूक होते, पण पात्रांना निवडीला जागा राहत नाही, आणि अशा कथा मला कोड्यासारख्या कोरड्या वाटतात.

मी काढलेली वाट अशी: पाऊल उमटले की कोणीतरी चालणार हे ठरलेले, मात्र कोण चालणार हे ठरलेले नाही. एवढ्याने गाव उभे राहिले. खोल वाळवंटाकडे जाणारी आणि परतीची खूण नसलेली पावले पहाटे दिसली की पाटील आपल्या मुलाला घरात कोंडतो आणि सालगड्याच्या पायाचे माप घेतो. एखादी म्हातारी आपणहून त्या खुणांवर पाय ठेवून पाहते. कार्यकारणभाव उलटला तरी त्याची किंमत कोणी मोजायची हे गावातली उतरंडच ठरवते, आणि मला लिहायचे होते ते हेच. तुमचा नियम कोणाच्या अंगावर येतो, हे मसुद्याच्या पहिल्या पानाआधी ठरवावे.

लिहिताना दोन रकान्यांची वही अवश्य ठेवावी. डावीकडे घटना पात्रांना ज्या क्रमाने दिसतात तो क्रम, उजवीकडे कारणे प्रत्यक्षात ज्या क्रमाने घडतात तो. डावीकडच्या प्रत्येक खुणेला उजवीकडे धनी सापडला पाहिजे. एखादी खूण बेवारस ठेवायची असेल तर ती जाणूनबुजून ठेवलेली असावी. क्रियापदांच्या काळांचा गोंधळ टाळण्यासाठी निवेदन साध्या भूतकाळात ठेवावे आणि काळांची उलटापालट फक्त संवादात येऊ द्यावी.

कथा दिवाळी अंकासाठी असेल तर पावसाळ्याच्या तोंडालाच मसुदा हातावेगळा करावा आणि वही न दाखवता एखाद्या चिकित्सक वाचकाला द्यावा. कोणती खूण कोणाची हे त्याला वाचून सांगता आले नाही, तर स्पष्टीकरणाचा परिच्छेद वाढवण्यापेक्षा एखादी खूण कमी करावी.