परदेशी अभिनेत्रीचे परिचय-टिपण कसे लिहावे : मारी तोरोचिक यांच्या निमित्ताने

मुंबईतल्या एखाद्या फिल्म सोसायटीने हंगेरीच्या मारी तोरोचिक (१९३५-२०२१) यांचा चित्रपट दाखवायचे ठरवले आणि खेळाआधी वाटायचे एक पानी टिपण तुमच्या वाट्याला आले, तर पारितोषिकांच्या यादीपासून सुरुवात करू नये. आधी कागदावर रंगभूमी आणि चित्रपट असे दोन रकाने आखून सनावळी समोरासमोर भरावी. माहिती शोधताना आडनाव आधी लिहावे, कारण हंगेरीत तीच रीत आहे.

रकाने भरताच एक गैरसमज गळून पडतो. नाटकातून चित्रपटात जाण्याचा आपल्या परिचयाचा क्रम इथे उलटा आहे : तोरोचिक यांची भूमिका असलेला, दिग्दर्शक झोल्तान फाब्री यांचा ‘कोरहिंता’ हा चित्रपट १९५६ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात गाजला तेव्हा त्या नाट्यशिक्षण घेत होत्या, आणि बुडापेस्टच्या नॅशनल थिएटरात त्या दाखल झाल्या १९५८ साली. तिथल्या नाट्यगृहांत नटसंच पगारी असतो आणि आलटूनपालटून वेगवेगळी नाटके होत राहतात. त्यामुळे शिवाजी मंदिरच्या हिशेबाने ‘इतके प्रयोग’ असे मोजमाप तिथे लावू नये.

टिपणाचा निम्मा भाग मात्र एकाच भूमिकेला द्यावा. माझ्या मते ती कारोय माक यांच्या ‘सेरेलेम’ (१९७१) मधली सुनेची. नवरा राजकीय कैदी म्हणून तुरुंगात आहे आणि अंथरुणाला खिळलेल्या सासूला मात्र तो अमेरिकेत चित्रपट करतो आहे असे भासवणारी पत्रे ही सून स्वतःच लिहिते. सासू (लिली दारवाश) त्या थापांवर हरखते, तेव्हा सुनेच्या चेहऱ्यावर माया, वैताग आणि थकवा कसे एकमेकांत मिसळतात, हे दोन-तीन वाक्यांत नेमके टिपावे. ‘अप्रतिम अभिनय’ एवढे लिहून सुटका करून घेऊ नये.

कानचे सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक (१९७६) यानंतर यावे. ते पती द्युला मार यांच्या ‘देरिने होल वान?’साठी मिळाले आणि त्यातली नायिका एकोणिसाव्या शतकातली रंगभूमीवरची नटी आहे, म्हणजे तुमचे दोन्ही रकाने इथे एकत्र येतात.

छापताना अक्षर ठळक ठेवावे, कारण दिवे मंद झाल्यावरच पुष्कळ जण कागद उघडतात. आणि ‘सेरेलेम’चा शेवट टिपणात अजिबात फोडू नये.