मृगाआधी वहाळात उतरून बघा: पाण्यातल्या शंख्या-शिंपल्यांसाठी पावसाळापूर्व सल्ला

मे अखेरीस बांधांची डागडुजी सुरू झाली की कुदळीच्या घावासरशी ढेकळातून कधीतरी एक गोलसर, लिंबाएवढी शंखी निघते. तोंड झाकणाने घट्ट मिटलेलं, हलवली तरी आत काही हलत नाही. मेलेली समजून कोणी ती बांधाखाली भिरकावतो, कोणी भाजी खाणारी गोगलगाय म्हणून दगडाने ठेचतो. पण ती जिवंत असते. शास्त्रात तिला पायला म्हणतात. कुणग्यातलं (भाताच्या लहान वाफ्यातलं) पाणी आटत आलं की ती चिखलात शिरते, झाकण लावून घेते आणि पाऊस पडेपर्यंत तशीच पडून राहते. बादलीभर पाण्यात ठेवून बघा. थोड्या वेळाने झाकण किलकिलं होतं आणि करड्या रंगाचा रुंद पाय बाहेर येतो. तिला पाण्यासाठी कल्ले आहेत आणि हवेसाठी फुप्फुसासारखी पिशवीही आहे. भाताच्या खाचरात कधी पाणी, कधी कोरड, अशा जागी राहायचं तर दोन्ही लागतातच.

यंदाचा सल्ला या शंखीसाठी आणि वहाळातल्या, म्हणजे ओढ्यातल्या, तिच्या सोयऱ्यांसाठी आहे. खताच्या मात्रा आणि भाताच्या जाती दापोलीच्या विद्यापीठाच्या पत्रिकांतून कळतात. वहाळाच्या तळाशी कोण राहतं आणि मे ते जुलै या तीन महिन्यांत आपल्याच हातून त्यातले किती नकळत मरतात, हे मात्र कोणी सांगत नाही.

आधी ओळख पटवा

बागेत रात्री बाहेर पडून पपई, भाजी, रोपांचे कोंब खाते ती शंखी गोगलगाय आफ्रिकेतून आलेली आहे. 1847 मध्ये ती मॉरिशसहून कोलकात्याला आणली गेली आणि तिथून पसरत गेली. तिची शंखी लांबट, टोकदार, तपकिरी पट्ट्यांची असते आणि तोंडाला झाकण नसतं. ती पाण्यात राहत नाही. तिचा बंदोबस्त जरूर करा, पण हाताने: गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं संध्याकाळी ओळींमध्ये पसरा, पहाटे त्याखाली जमलेल्या गोगलगायी वेचा आणि मिठाच्या पाण्यात बुडवून मारा. ते खारट पाणी मात्र शेतात किंवा पाटात ओतू नका. मेटाल्डिहाइडच्या गोळ्या वापरायच्याच असतील तर पाटापासून आणि वहाळापासून लांब, आणि कुत्र्या-मांजरांच्या तोंडी जाणार नाहीत अशा जागी टाका.

पायला गोल, फुगीर, झाकणाची. ती अंडी पाण्याबाहेर, बांधाच्या ओलसर मातीत खळगा करून घालते. पांढऱ्या मोत्यांसारखा तो पुंजका दिसला तर तिथे कुदळ घालू नका. त्याशिवाय तळ्याच्या काठाला बेलॅमियाच्या हिरवट शंख्या असतात, चिखलात मेलॅनॉइडिसच्या उंच निमुळत्या, वाहत्या पाण्यातल्या दगडांना घट्ट चिकटलेल्या पॅल्युडोमसच्या काळपट. शिंपल्यांत लॅमेलिडेन्स मोठा आणि लांबट, पॅरेसिया त्यापेक्षा छोटा आणि जाड कवचाचा. यांतलं कोणीही तुमच्या भाताचं शत्रू नाही. शेवाळ, कुजका पाला, पाण्यातला गाळ हेच त्यांचं खाणं.

सह्याद्री आणि त्याच्या पायथ्याच्या गोड्या पाण्यातल्या या जिवांची आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघटनेने 2011 मध्ये मोजदाद प्रसिद्ध केली, तेव्हा 77 जातींची नोंद झाली. त्यांपैकी 28 जगात दुसरीकडे कुठेच नाहीत. हापूसला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा आपण अभिमानाने मिरवलं. या 28 जातीही आपल्याच डोंगराच्या आहेत.

बोर्डो मिश्रण आणि पिंप

सगळ्यात महत्त्वाचं हेच, म्हणून सविस्तर सांगतो.

सुपारीवर कोळेरोग येऊ नये म्हणून पावसाच्या तोंडावर एक टक्का बोर्डोची, म्हणजे मोरचूद आणि चुन्याच्या मिश्रणाची, पहिली फवारणी होते आणि साधारण 40 ते 45 दिवसांनी दुसरी. फवारणी टाळा असं मी म्हणणार नाही. कोळेरोगाने गळालेली सुपारी मी पोत्यांनी उचललेली आहे. पण मोरचूद म्हणजे तांबं, आणि पाण्यातल्या गोगलगायींना तांब्याइतकं जहरी दुसरं फारसं काही नाही. पूर्वी तळ्यांतल्या गोगलगायी मुद्दाम मारायला मोरचूदच टाकत असत.

काही वर्षांपूर्वी आमच्या बागेत फवारणी आटोपल्यावर उरलेलं निळं पाणी आणि पिंप विसळलेलं पाणी गड्याने वहाळात सोडलं. मी तिथेच उभा होतो आणि मला त्यात काही वावगं वाटलं नाही. दोन दिवसांनी पाट बघायला गेलो. पिंप धुतलं त्या जागेपासून खालच्या वळणापर्यंत दगडांवर एकही शंखी चिकटलेली नव्हती. सगळ्या तळाला, झाकणं सैल पडलेली, हातात घेतली तर घाण वास. चार हात वरच्या अंगाला तेच दगड शंख्यांनी भरलेले. त्या पट्ट्यात पुन्हा शंखी दिसायला तीन पावसाळे गेले. ती चूक माझीच होती आणि त्यानंतर आमच्याकडे पिंप वहाळावर गेलेलं नाही.

म्हणून मिश्रण नीट करा. एक किलो मोरचूद 50 लिटर पाण्यात, एक किलो कळीचा चुना दुसऱ्या 50 लिटर पाण्यात, दोन्ही प्लास्टिकच्या पिंपात, लोखंडी भांड्यात नको. दोन्ही द्रावणं एकत्र झाल्यावर घासून स्वच्छ केलेला विळा बुडवून काढा. पात्यावर तांबूस थर चढला तर चुना कमी पडला आहे. थोडी थोडी चुन्याची निवळी घालत जा, थर चढायचा थांबेपर्यंत. हे आपण घोसाला इजा होऊ नये म्हणून करतो, पण चुन्याने न बांधलेलं मोकळं तांबंच पाण्यातही जास्त मारतं. एकाच विळ्याने दोन्ही कामं होतात.

लागेल तेवढंच मिश्रण करा आणि त्याच दिवशी संपवा. विसळलेलं पाणी दुसऱ्या पिंपाच्या चुन्यात वापरा, नाहीतर बागेतच उंचावर, वहाळापासून दूर, खड्डा काढून त्यात जिरवा. तांबं कुजत नाही. एकदा गाळात बसलं की तिथेच राहतं. आभाळ भरून आलेलं असेल तर फवारणी पुढे ढकला. धुऊन गेलेलं मिश्रण सुपारीच्याही उपयोगाचं नाही.

खेकड्यांचं विष

लावणीच्या दिवसांत बांध फोडतो तो खेकडा, हे खरं. पण विषारी दाणे किंवा औषध लावलेला भात बांधभर टाकला की तो पहिल्या सरीबरोबर खाचरात आणि खाचरातून वहाळात जातो. खेकडे पकडायला रात्री बॅटरी घेऊन जाणं हा कोकणातला जुना आणि चांगला उपाय आहे, घरात कालवणही होतं. चिखलणीच्या वेळी बांध आतून लिंपून घ्या. आमिष वापरावंच लागलं तर ते बिळाच्या आत ठेवा आणि तोंड चिखलाने बंद करा. खाचरात दाणेदार कीटकनाशक किंवा तणनाशक टाकल्यावर निदान तीन-चार दिवस पाणी बाहेर सोडू नका.

वलगण आणि शिंपल्यांची पोरं

आता एक गोष्ट सांगतो, जी मला स्वतःला फार उशिरा कळली.

जानेवारीत पाणी नितळ असतं तेव्हा कोंडीच्या, म्हणजे वहाळातल्या खोल डोहाच्या, काठी उकिडवे बसून बघा. तळाच्या गाळात एक बारीक चर ओढल्यासारखी दिसते. ती जिथे संपते तिथे गाळात दोन फटी असतात, किंचित उघड्या. तो शिंपला. बाकीचं अंग गाळात, फक्त मागची कड बाहेर. एका फटीने पाणी आत घेतो, गाळून दुसरीने बाहेर सोडतो, दिवसभर, वर्षानुवर्षं. काडी जवळ नेली की फटी मिटतात.

या शिंपल्याची मादी पिल्लं आपल्या कल्ल्यांत वाढवते आणि मग पाण्यात सोडते. ती पिल्लं डोळ्यांना दिसणार नाहीत इतकी लहान. त्यांना माशाच्या कल्ल्याला किंवा परांना चिमट्यासारखं धरावं लागतं. काही दिवस माशाच्या अंगावर काढून ती गळून पडतात आणि तिथल्या गाळात स्वतंत्र राहू लागतात. मासा मिळाला नाही तर मरतात. शिंपला स्वतः फार चालत नाही, मासाच त्याला वहाळाच्या वरच्या अंगाला नेतो.

आता वलगण आठवा. पहिल्या मोठ्या पावसात मासे अंडी घालायला उलटे चढतात आणि आपण वहाळ आडवा बांधून, जाळी लावून, खोईन (मासे अडकवायचा सापळा) लावून ते एका रात्रीत उपसतो. चढणीचे मासे खाऊ नका, असं कोकणात कोणाला सांगणार? मीही खातो. पण वहाळाची सगळी रुंदी अडवू नका, एका बाजूला वाट मोकळी ठेवा. वाडीने बसून पहिले दोन-तीन दिवस मासे चढू द्यायचे असं ठरवलं तर फारच उत्तम.

उन्हाळ्यात कोंडीत रामेठ्याची साल, गेळफळं किंवा ब्लीचिंग पावडर टाकून मासे मारण्याचा प्रकार मात्र पूर्ण बंद झाला पाहिजे. पाण्यात विष किंवा सुरुंग घालून मासे मारायला 1897 च्या मत्स्य कायद्यापासून बंदी आहे. मे महिन्यात कोंड म्हणजे त्या वहाळाचं बियाणं साठवलेली कणगी. तिथे विष घातलं तर पावसात वर चढायला कोणी उरतच नाही.

बंधारे आणि गाळ

कोल्हापुरी बंधाऱ्याच्या फळ्या मृगाआधी काढल्या का, ते बघा. पाच-सहा फळ्या तशाच अडकून राहिल्या तर वलगण तिथेच थांबते. गोणींचे वनराई बंधारेही पावसाआधी मोकळे करा, प्लास्टिकच्या गोणी वाहून जाऊ देऊ नका.

2021 च्या जुलैमध्ये चिपळूण बुडालं. त्यानंतर वाशिष्ठीतला गाळ काढणं किती निकडीचं झालं, ते सगळ्यांनी पाहिलं. पुराच्या भीतीपुढे शिंपल्यांची बाजू मांडणं अवघड आहे आणि घरं वाचवण्याच्या आड मी येणार नाही. पण गावच्या लहान वहाळात जेसीबी घालताना काठापासून काठापर्यंत एकदम खरवडायची गरज नसते. मध्ये मध्ये थोडे पट्टे तसेच ठेवा आणि कोंडी बुजवू नका. काढलेला गाळ काठावर टाकाल त्या दिवशी घरातल्या मुलांना बादल्या घेऊन बोलवा. गाळातून निघालेले जिवंत शिंपले वरच्या अंगाच्या पाण्यात, तळावर आडवे ठेवून द्यायचे. ते स्वतःच गाळात शिरतात.

गुरांसाठी

पाण्यातल्या दोन गोगलगायींमुळे गुरांना त्रास होतो, हे लपवायचं कारण नाही. पातळ कवचाची, बिनझाकणाची लिम्निया यकृतातल्या पर्णकृमींना आसरा देते. चपटी, चकलीसारखी वळलेली इंडोप्लॅनॉर्बिस पोटातल्या पर्णकृमींना. जनावर खंगलं, हगवण लागली, जबड्याखाली पाणी उतरलं तर पशुवैद्याकडून शेण तपासून घ्या आणि त्यांच्या सल्ल्याने जंताचं औषध द्या.

त्यासाठी तळ्यात मोरचूद टाकू नका. कृमींचा फेरा शेणातून पाण्यात आणि पाण्यातून काठच्या गवतावर असा चालतो, तो तिथेच तोडता येतो. गोठ्याचं पाणी वहाळात सोडू नका. आश्विन-कार्तिकात पाणी ओसरतं तेव्हा काठचं ओलं गवत गुरांना चारू नका, ते कापून कडकडीत वाळवून घाला. जमल्यास बदकं पाळा. आणि काजव्यांना जपा: त्यांच्या अळ्या गोगलगायी खाऊनच वाढतात. मृगाच्या रात्री ज्या बांधावर काजवे लखलखतात तिथे तणनाशक मारू नये.

मोती शेती करणाऱ्यांना

गोड्या पाण्यातल्या मोत्यांसाठी भुवनेश्वरच्या केंद्रीय गोड्या पाण्यातील मत्स्यपालन संस्थेने पद्धत बसवली आहे. लॅमेलिडेन्स आणि पॅरेसिया हेच तिथले शिंपले. दर वेळी वहाळातून शेकड्याने उचलाल तर दोन-तीन वर्षांत उचलायला काही राहणार नाही. आठ सेंटिमीटरच्या आतला शिंपला परत ठेवा आणि एकाच कोंडीतून सगळे काढू नका. परगावचे शिंपले आणले तर ते तळ्यातच ठेवा, उरलेले वहाळात सोडू नका.

धबधब्याच्या कड्यावर

घाटाखालच्या वाड्यांसाठी एवढंच. धबधब्याच्या तुषारांनी भिजणाऱ्या उभ्या कातळावर वाटाण्यापेक्षा लहान शंख्या चिकटलेल्या दिसतात. त्यांत क्रेम्नोकोंकस असू शकते. तिचं सगळं कूळ समुद्रकाठचं, आपल्या किनाऱ्यावर भरतीच्या रेषेजवळ खडकांना बारीक शंख्या दिसतात त्यांचं. गोड्या पाण्यात उतरलेली त्या कुळाची शाखा सह्याद्रीबाहेर कुठे नाही. 2013 मध्ये डेव्हिड रीड, एन. ए. अरविंद आणि एन. ए. मध्यस्थ यांनी कर्नाटकातल्या सहा नव्या जाती नोंदवल्या, महाराष्ट्रातल्या तीन आधीपासून माहीत होत्या. पाण्याची पाइप टाकताना कातळ फोडू नका आणि पर्यटकांना तिथे साबण लावू देऊ नका.

नोंद करा

ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि तिच्याकडे लोक जैवविविधता नोंदवही. तुमच्या गावची वही उघडून बघा, शंख्या-शिंपल्यांचं पान बहुधा कोरं असेल. रिकामी कवचं कोंडीच्या काठी सापडतात, ती गोळा करा, जिवंत धरायची गरज नाही. पट्टीशेजारी ठेवून फोटो काढा, कुठल्या वहाळात, कुठल्या महिन्यात, दगडावर की गाळात, हे लिहा. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना दाखवून त्यांच्या तोंडचं नाव विचारा आणि जसं उच्चारतील तसंच वहीत उतरवा. हे काम 7 जूनच्या आत करून घ्या. एकदा वहाळ तांबडा वाहायला लागला की दिवाळीपर्यंत तळ दिसत नाही.