उसातला बिबट्या, बांधावरची शेळी: मोबाईलवर मातीचं अ‍ॅनिमेशन
कराड-पाटणकडं उसाच्या फडात बिबट्या दिसणं नवं नाही. त्यामुळं त्याची शेळीशी दोस्ती म्हटलं की प्रेक्षक आधीच सावरून बसतो.

ही दोस्ती फिल्ममध्ये दाखवायची तर मातीची पात्रं थोडी थोडी हलवत एकेक फोटो काढायचा; ते सलग दाखवले की पात्रं चालतात. सेकंदाला 12 फोटो धरा; 30 सेकंदांना 360. पात्रांसाठी तेलातली क्ले घ्या, शाडू माती वाळून सांध्यावर तडकते. आत 2 मिमीची अ‍ॅल्युमिनियमची तार दुहेरी पिळून घाला. शेळीचे पाय बारीक, तार तिथंच आधी तुटते. पायांचा जादा जोड करून ठेवा.

डोळ्यांवर मात्र वेळ घालवा. बिबट्याचे समोर, बाहुली गोल. शेळीचे बाजूला, बाहुली आडवी. तिला मान न वळवताही बरंचसं मागचं दिसतं. तो दबकत येतोय आणि ही रवंथ करत म्हणते, "ये, बस." निम्मा विनोद इथंच! पण ते वाक्य घाईनं टाकू नका. आधी 8-10 फोटो दोघंही स्थिर, हलतो फक्त शेळीचा जबडा.

फड कागदाचाच करा. खरा पाला शूटिंग संपेपर्यंत आकसतो, पडद्यावर थरथरतो. मोबाईलच्या कॅमेऱ्यात फोकस, एक्स्पोजर (चित्राचा उजेड), व्हाइट बॅलन्स (रंगांची छटा) लॉक करा, म्हणजे ते आपोआप बदलणार नाहीत. खिडकी बंद, दिवा एलईडीचा. ऊन बदललं की चित्र लुकलुकतं. फोटो ब्लूटूथ रिमोटनं काढा, बोटानं फ्रेम हलते.